ईडीडीचा दावा ‘पेंडिंग’वर अडकतो तेव्हा: कॅलिफोर्नियातील बेरोजगारी विम्याच्या नेहमीच्या अडचणी

कॅलिफोर्नियात नोकरी गेलेल्या मराठी मंडळींकडून एक तक्रार वारंवार ऐकू येते. ईडीडीच्या, म्हणजे राज्याच्या एम्प्लॉयमेंट डेव्हलपमेंट डिपार्टमेंटच्या संकेतस्थळावर अर्ज भरला, दर दोन आठवड्यांनी विचारलेल्या प्रश्नांची उत्तरे दिली, तरी पैसे येत नाहीत. प्रत्येक आठवड्यासमोर ‘पेंडिंग’ एवढेच दिसते आणि फोन लावला तर ध्वनिमुद्रित सूचनांपलीकडे कोणी भेटत नाही. अशा वेळी काही जण दिवसभर फोन लावत राहतात, तर काही जण पहिला अर्ज कुठेतरी हरवला असे समजून दुसरा भरतात. दुसऱ्या अर्जाने गुंता वाढतो, कारण एकाच सोशल सिक्युरिटी क्रमांकावर दोन अर्ज आले की तपासणीला आणखी एक निमित्त मिळते.

दावा अडकतो तो बहुतेक वेळा केवळ रांग लांब आहे म्हणून नव्हे. दाव्यावर एखादा ठरावीक प्रश्न उपस्थित झालेला असतो आणि त्याचे समाधानकारक उत्तर विभागाकडे पोहोचलेले नसते. नोकरी का सुटली, ओळख पटली का, पगाराची नोंद सापडते का, काम करण्याचा परवाना वैध आहे का, अमुक आठवड्यात तुम्ही कामासाठी खरोखर उपलब्ध होता का, यांपैकी तो एक असतो. म्हणून पहिले काम तो प्रश्न शोधण्याचे आहे; फोन त्यानंतर. मायईडीडीच्या, म्हणजे ईडीडीच्या संकेतस्थळावरील तुमच्या, खात्यातील संदेशपेटी, दाव्याचा सारांश आणि टपालाने आलेली प्रत्येक नोटीस शेवटच्या पानापर्यंत वाचली, तर बरेचदा तो तिथेच छापलेला आढळतो. टपालाची बाब किरकोळ वाटते, पण अपार्टमेंट क्रमांक न लिहिल्यामुळे परत गेलेल्या पाकिटांनी पुष्कळ दावे रखडवले आहेत.

अर्ज कधी आणि कोणत्या राज्यात

दावा ज्या आठवड्यात दाखल होतो, त्या आठवड्याच्या रविवारपासून सुरू होतो. आधीचे आठवडे मागाहून जोडून घ्यायचे असतील तर सबळ कारण द्यावे लागते आणि ‘मला माहीत नव्हते’ हे कारण सहसा मान्य होत नाही. तरीही सेव्हरन्सचे, म्हणजे नोकरी संपवताना कंपनीने दिलेले, पैसे संपेपर्यंत अर्ज करायचा नाही, असा समज आपल्याकडे घट्ट आहे. कॅलिफोर्नियात कंपनीने निरोपादाखल दिलेल्या सेव्हरन्समुळे सर्वसाधारणपणे भत्ता कापला जात नाही; ती रक्कम अर्जात खरी लिहावी आणि निर्णय विभागावर सोडावा. मात्र साठ दिवसांच्या पूर्वसूचनेच्या काळात कंपनीने तुम्हाला काम न देता पगारपटावर ठेवले असेल, तर त्या काळात तुम्ही नोकरीतच असता. तेव्हा कंपनीने लेखी दिलेली अखेरची तारीख कोणती, हे पत्रात नीट पाहून मगच अर्ज करावा.

राज्याच्या बाबतीत नियम सोपा आहे: जिथे काम केले तिथे दावा करायचा. कंपनीचे मुख्यालय न्यूयॉर्कमध्ये असले तरी तुम्ही फ्रीमाँटमधील घरातून काम करत असाल, तर दावा कॅलिफोर्नियात होतो. आणि एडिसनमध्ये राहून रोज मॅनहॅटनला जाणाऱ्याचा दावा न्यू जर्सीत होत नाही, न्यूयॉर्कमध्ये होतो. नोकरी गेल्यावर तुम्ही टेक्सासला राहायला गेलात तरी कॅलिफोर्नियातील कमाईवरचा दावा कॅलिफोर्नियातच राहतो. गेल्या दीड वर्षात दोन राज्यांत काम झाले असेल, तर दोन्हीकडचे वेतन एकत्र धरून दावा करता येतो, मात्र तसे अर्जातच स्पष्ट सांगावे लागते.

अर्जातील ‘शेवटचा नियोक्ता’ या रकान्यावर जास्त वेळ द्यावा, कारण आयटी सल्लागार कंपन्यांमार्फत काम करणारे लोक नेमके तिथे अडखळतात. काम एका नामांकित कंपनीच्या कार्यालयात चाललेले असते, पगार दुसऱ्याच कंपनीकडून येतो, तर पगाराची कागदपत्रे तिसरी संस्था तयार करते. रकान्यात पे-स्टबवर (पगाराच्या पावतीवर) आणि डब्ल्यू-२ वर (वर्षाच्या वेतनाच्या विवरणावर) जे नाव व जो पत्ता छापलेला आहे, तोच लिहायचा. ईडीडी त्या पत्त्यावर नोटीस पाठवते आणि उत्तरासाठी १० दिवस देते. नाव चुकले तर नोटीस भलत्याच दारी जाते, ती कंपनी ‘असा कर्मचारी आमच्याकडे नव्हता’ असे कळवते आणि दाव्यावर नवे प्रश्नचिन्ह लागते.

व्हिसाचा प्रश्न आधी सोडवावा

बेरोजगारी विमा मिळण्यासाठी माणूस काम करण्यास सक्षम, कामासाठी उपलब्ध आणि कायद्याने काम करण्यास पात्र असावा लागतो. नागरिक आणि ग्रीन कार्डधारक यांना परवान्याची अडचण येत नाही. ज्यांच्याकडे वैध ईएडी, म्हणजे काम करण्याच्या परवान्याचे कार्ड, आहे, मग ते ग्रीन कार्डच्या प्रलंबित अर्जावर मिळालेले असो वा एच-४ वर, त्यांचाही दावा सर्वसाधारणपणे ग्राह्य धरला जातो. एच-१बीवर असलेल्यांची स्थिती वेगळी आहे. त्यांचा परवाना एका नियोक्त्याशी बांधलेला असतो. नोकरी गेल्यावर नवा नियोक्ता शोधण्यासाठी त्यांना जास्तीत जास्त ६० दिवसांची मुदत मिळते, पण त्या मुदतीत मनाप्रमाणे कुठेही काम धरता येत नाही. त्यामुळे ‘उपलब्ध’ ही अट पूर्ण होत नाही असे धरून दावा बहुधा नाकारला जातो. अशा स्थितीत ते ६० दिवस ईडीडीच्या फोनमागे घालवण्यापेक्षा इमिग्रेशन वकिलाबरोबर बसलेले बरे, असे माझे स्पष्ट मत आहे.

ईएडीधारकांनी एक तारीख डोळ्यासमोर ठेवावी. विभाग तुमच्या परवान्याची पडताळणी संघराज्याच्या यंत्रणेमार्फत करतो आणि दावा चालू असतानाच कार्डाची मुदत संपली, तर त्या दिवसापासूनचे आठवडे अडकतात. नवे कार्ड आल्याबरोबर त्याची प्रत खात्यातून चढवावी; विभाग आपण होऊन चौकशी करील, या भरवशावर राहू नये.

हा भत्ता घेतला तर ग्रीन कार्डला बाधा येते का, असेही लोक दबक्या आवाजात विचारतात. सरकारवर भार ठरणाऱ्या व्यक्तींसंबंधीच्या २०२२ च्या नियमात बेरोजगारी विमा त्या भारात धरलेला नाही. तो कामातून कमावलेला लाभ मानला जातो. यामागचा निधी मालकांनी भरलेल्या करातून उभा राहतो, १९३५ च्या सोशल सिक्युरिटी कायद्याने या सगळ्या व्यवस्थेचा पाया घातला, आणि अलास्का, न्यू जर्सी व पेनसिल्व्हेनिया ही राज्ये सोडली तर कामगाराच्या पगारातून त्यासाठी काही कापलेही जात नाही. तरीही ‘सरकारपुढे हात कशाला पसरायचा’ म्हणून अर्जच न करणारी सुशिक्षित माणसे आपल्यात आहेत. विमा भरलेला असताना तो न मागण्यात स्वाभिमान कोणता, हे मला कळलेले नाही.

नोटिशीत वेतन शून्य दिसते

अर्जानंतर काही दिवसांत डीई ४२९झेड क्रमांकाची नोटीस येते. तीत तुमच्या आधारभूत काळातील प्रत्येक तिमाहीचे वेतन आणि त्यावरून ठरलेला साप्ताहिक भत्ता छापलेला असतो. आधारभूत काळ म्हणजे पूर्ण झालेल्या शेवटच्या पाच तिमाह्यांपैकी पहिल्या चार. उदाहरणार्थ, मे महिन्यात दावा केला तर आदल्या वर्षाचा जानेवारी ते डिसेंबर हा काळ धरला जातो. या काळातील सर्वाधिक कमाईच्या तिमाहीत किमान १,३०० डॉलर मिळालेले असावेत. किंवा त्या तिमाहीत ९०० डॉलर आणि चारही तिमाह्या मिळून त्या तिमाहीच्या सव्वापट तरी कमाई असावी. नुकतीच नोकरी लागून लगेच सुटली असल्यामुळे ही अट पूर्ण होत नसेल, तर अगदी अलीकडच्या चार तिमाह्यांचा पर्यायी काळ धरून तपासणी होते.

नोटिशीत एखादी तिमाही कोरी किंवा शून्य दिसली, तर त्याची कारणे मोजकी असतात. सल्लागार कंपनी दुसऱ्या राज्यातील असेल तर तिने तुमचे वेतन कॅलिफोर्नियाऐवजी आपल्या राज्यात नोंदवलेले असते. कधी सोशल सिक्युरिटी क्रमांकातील एखादा आकडा पगारपटावर चुकलेला असतो. तिसरे कारण सर्वांत त्रासदायक: कंपनीने तुम्हाला कर्मचारी न दाखवता, डब्ल्यू-२ ऐवजी १०९९ या विवरणावर स्वतंत्र कंत्राटदार दाखवलेले असते, त्यामुळे तिने तुमच्या नावावर विम्याचा कर भरलेलाच नसतो. पण कंपनीने काय दाखवले, यावर तुमचा दर्जा ठरत नाही. कॅलिफोर्नियात २०२० पासून लागू असलेल्या एबी-५ कायद्यानुसार तुम्ही कर्मचारी नाही, हे सिद्ध करण्याची जबाबदारी कंपनीवर आहे. कामाच्या वेळा कोण ठरवत होते, लॅपटॉप कोणाचा होता, काम कोणाच्या देखरेखीखाली चालत होते, हे ईमेल आणि बँकेच्या उताऱ्यांसह लेखी मांडावे; विभाग त्यावरून वेतनाची चौकशी करतो.

या तिन्ही प्रसंगी उपाय लेखी आहे. नोटिशीतील चुकीची तिमाही, तुमचे पे-स्टब, डब्ल्यू-२ आणि एक छोटे पत्र असे सारे एकत्र करून मायईडीडीतून किंवा नोटिशीवरील पत्त्यावर पाठवावे. फोनवर सांगितलेले वेतन कोणी नोंदवून घेत नाही.

आकड्यांबाबत थोडक्यात सांगायचे तर साप्ताहिक भत्ता ४० ते ४५० डॉलर असतो आणि तो जास्तीत जास्त २६ आठवड्यांपर्यंत मिळतो. एका तिमाहीत सुमारे ११,७०० डॉलर कमावलेल्या माणसालाही ४५० डॉलरच मिळतात आणि ७०,००० कमावणाऱ्यालाही तेवढेच, त्यामुळे अभियंत्यांना बहुतेक वेळा कमाल रक्कम लागू होते. ही कमाल मर्यादा २००५ पासून तशीच आहे. सनीवेलच्या घरभाड्यापुढे ती किती तोकडी पडते, हे तिथे राहणाऱ्यांना सांगायला नको. फ्लोरिडात मात्र कमाल रक्कम २७५ डॉलर आहे आणि तेथील बेरोजगारीचा दर कमी असताना ती १२ आठवड्यांतच संपते.

नावांचा घोळ

मराठी नावाची रचना अमेरिकेतील ओळख-पडताळणीच्या यंत्रणेला झेपत नाही. भारतीय पासपोर्टवर ‘गिव्हन नेम’च्या रकान्यात बहुधा आपले आणि वडिलांचे अशी दोन्ही नावे एकत्र असतात. सोशल सिक्युरिटी कार्ड त्यावरूनच बनते, पगारपटावर मात्र वडिलांचे नाव गळते, आणि वाहन परवान्यावर ते एका आद्याक्षरापुरते उरते. लग्नानंतर स्त्रियांच्या बाबतीत वडिलांच्या जागी पतीचे नाव आणि नवे आडनाव येते, तेही सगळ्या कागदांवर एकाच वेळी बदललेले नसते. ईडीडीने २०२० च्या ऑक्टोबरपासून ओळख पटवण्यासाठी आयडी.मी ही सेवा वापरायला सुरुवात केली आणि तेव्हापासून ही विसंगती दाव्याच्या पहिल्याच पायरीवर आडवी येते.

अर्जात नाव लिहिताना सोशल सिक्युरिटी कार्डावर जसे आहे तसेच, त्याच क्रमाने लिहावे. वेगळ्या नावाने वेतन मिळाले असेल तर ‘इतर नावे’ या जागी ते नमूद करावे. आयडी.मीची स्वयंचलित पडताळणी फसली, तर तिथेच व्हिडिओ कॉलवर माणसाकडून पडताळणी करून घेण्याची सोय असते. त्या वेळी पासपोर्ट, ग्रीन कार्ड किंवा ईएडी आणि पत्त्याचा पुरावा ही मूळ कागदपत्रे हाताशी असावीत. लग्नानंतरचे नाव सोशल सिक्युरिटीच्या नोंदीत अजून बदललेले नसेल, तर ते त्या कार्यालयात एसएस-५ अर्ज भरून बदलून घ्यावे लागते. हे काम ईडीडी करू शकत नाही, आणि दावा चालू असताना मध्येच नाव बदलले तर नवी विसंगती निर्माण होते, म्हणून आधी दावा मार्गी लावून नंतर नाव बदलणे सोयीचे पडते.

अर्ज भरताना ‘या क्रमांकावर दावा आधीच अस्तित्वात आहे’ असा संदेश आला आणि तुम्ही पूर्वी कधी दावा केलेला नसेल, तर तुमच्या नावावर कोणी खोटा दावा केला असण्याची शक्यता धरावी. तसे असल्यास विभागाला ऑनलाइन लेखी संदेश पाठवण्याच्या आस्क ईडीडी या सोयीतून फसवणुकीची तक्रार तत्काळ नोंदवावी आणि मगच पुढे जावे.

दर दोन आठवड्यांची उत्तरे

दावा मंजूर झाला की पैसे आपोआप सुरू होतात, असा गैरसमज असतो. प्रत्यक्षात दर दोन आठवड्यांनी ‘सर्टिफाय’ करावे लागते, म्हणजे ठरावीक प्रश्नांची उत्तरे द्यावी लागतात: आजारपणामुळे काम करणे अशक्य होते का, अन्य कोणत्या कारणाने पूर्णवेळ काम स्वीकारता आले नसते का, काम शोधले का, आलेले काम नाकारले का, एखादे शिक्षण सुरू केले का, आणि काही काम केले किंवा कमाई केली का. या प्रश्नांना घाईत दिलेले एक ‘हो’ संपूर्ण आठवडा थांबवू शकते. संध्याकाळचा ऑनलाइन अभ्यासक्रम सुरू केला म्हणून शिक्षणाच्या प्रश्नाला ‘हो’ म्हणणे योग्यच आहे, पण मग तो अभ्यासक्रम नोकरीच्या वेळेत येत नाही आणि काम मिळाल्यास सोडता येईल, हेही पुढच्या चौकशीत सांगता आले पाहिजे.

पहिला आठवडा विनामोबदला असतो. त्याचीही उत्तरे द्यावीच लागतात, पण त्याचे पैसे मिळत नाहीत. म्हणून पहिल्या वेळी दोन आठवड्यांऐवजी एकाच आठवड्याची रक्कम आली, तर ती चूक नव्हे. अर्धवेळ काम केले असेल तर ज्या आठवड्यात काम केले त्या आठवड्यात ते लिहायचे, पगार हातात येईपर्यंत थांबायचे नाही, आणि कापणीपूर्वीची पूर्ण रक्कम लिहायची. त्या कमाईपैकी २५ डॉलर किंवा २५ टक्के यांपैकी जे जास्त असेल ते सोडून बाकीचे भत्त्यातून वजा होतात. म्हणजे आठवड्यात २०० डॉलर कमावले तर ५० सुटतात, १५० वजा होतात आणि ४५० ऐवजी ३०० डॉलर मिळतात.

भारतात जाऊन येण्याचा मुद्दा मात्र गंभीर आहे. नोकरी गेली, आता वेळ आहे, आईवडिलांकडे महिनाभर राहून येऊ, हा विचार स्वाभाविक आहे. पण पुण्यात किंवा नागपुरात असताना तुम्ही कॅलिफोर्नियातील कामासाठी उपलब्ध नसता, त्यामुळे ते आठवडे भत्त्यास पात्र ठरत नाहीत. तिथून खात्यात शिरून ‘मी उपलब्ध होतो’ असे उत्तर दिले आणि ते पुढे उघड झाले, तर घेतलेली रक्कम परत करावी लागते, शिवाय ३० टक्के दंड आणि पुढील काही आठवड्यांची अपात्रता वाट्याला येते. प्रवासाचे आठवडे खरे सांगावेत, त्या आठवड्यांचे पैसे सोडावेत आणि परतल्यावर दावा पुन्हा सुरू करून घ्यावा. न वापरलेली रक्कम दाव्याच्या ५२ आठवड्यांच्या मुदतीत शिल्लकच राहते, त्यामुळे यात प्रत्यक्ष नुकसान फारसे होत नाही.

मुलाखतीचा फोन

नोकरी सुटण्याच्या कारणाबद्दल शंका असेल तर विभाग डीई ४८०० नोटीस पाठवून दूरध्वनी मुलाखतीची तारीख आणि वेळेचा पट्टा कळवतो. त्या दिवशी आयफोनमधील अनोळखी कॉल गप्प करणारी सोय बंद ठेवावी आणि स्पॅम अडवणारे ॲपही काढून ठेवावे, कारण हा फोन चुकला तर समोर असलेल्या कागदांवरून, म्हणजे अनेकदा फक्त मालकाच्या सांगण्यावरून, निर्णय होतो. कधी फोन येतच नाही, कारण लेखी माहिती पुरेशी असल्याने मुलाखत रद्द झालेली असते. खात्री करण्यासाठी संदेशपेटी पाहावी.

मुलाखतीत मोजके आणि वस्तुनिष्ठ बोलावे. सामूहिक कपातीत नोकरी गेली असेल तर तेवढे एक वाक्य आणि कंपनीचे पत्र पुरते. कामगिरी कमी पडली म्हणून काढले असेल तर घाबरण्याचे कारण नाही; कौशल्य अपुरे पडणे म्हणजे गैरवर्तन नव्हे, आणि गैरवर्तन झाले हे दाखवण्याची जबाबदारी मालकावर असते. उलट, ‘राजीनामा दे, म्हणजे तुझ्या नोंदीवर डाग राहणार नाही’ असे व्यवस्थापकाने सांगितले म्हणून राजीनामा लिहून दिला असेल, तर प्रकरण अवघड होते. स्वतःहून नोकरी सोडणाऱ्याला सबळ कारण दाखवावे लागते. राजीनामा न दिल्यास काढणारच होते, हे दाखवणारा ईमेल किंवा संदेश अशा वेळी फार मोलाचा ठरतो, आणि तो कंपनीचा लॅपटॉप परत करण्यापूर्वीच जपून ठेवलेला असावा लागतो.

प्रत्यक्ष संपर्क

प्रश्न सापडला, कागद पाठवले आणि तरीही हालचाल नसेल, तेव्हा संपर्काची वेळ येते. पहिला मार्ग आस्क ईडीडीतून लेखी संदेशाचा. त्याचे उत्तर उशिरा आले तरी तारखेसह नोंद राहते आणि ती नोंद पुढे अपिलात कामास येते. फोनचा क्रमांक १-८००-३००-५६१६ असून तो सोमवार ते शुक्रवार सकाळी ८ ते संध्याकाळी ५ या वेळेत चालतो. साप्ताहिक उत्तरे दूरध्वनीवरून देण्याची यंत्रणा वेगळी आहे, ती चोवीस तास चालते आणि तिथे माणूस नसतो, हे लक्षात न घेता अनेक जण तिथे अडकून बसतात. सोमवारी रांग सर्वांत लांब असते, म्हणून आठवड्याच्या मध्यावर, ठीक आठच्या ठोक्याला फोन लावावा. दुभाषी हवा असल्यास तो विनामूल्य मागता येतो. आईवडिलांपैकी कोणी दुकानात किंवा पाळणाघरात काम करत असेल आणि इंग्रजीत अडखळत असेल, तर त्यांच्या वतीने मुलाने बोलण्यापेक्षा हा मार्ग बरा, कारण दावेदाराखेरीज इतरांशी विभाग दाव्याबद्दल बोलत नाही.

माणूस भेटला की ‘माझे पैसे कुठे आहेत’ असे विचारू नये. ‘अमुक तारखेला संपणाऱ्या आठवड्यावर कोणता प्रश्न प्रलंबित आहे, तो कोणत्या तारखेला नोंदला गेला, आणि माझ्याकडून कोणता कागद हवा आहे’ हे तीन प्रश्न विचारावेत आणि उत्तरे तिथल्या तिथे लिहून घ्यावीत. पैसे घेऊन फोन जोडून देणाऱ्या मध्यस्थांच्या वाटेला जाऊ नये. त्यांना सोशल सिक्युरिटी क्रमांक देण्यातला धोका वाचलेल्या वेळापेक्षा कितीतरी मोठा आहे. अमेरिकाज जॉब सेंटर या केंद्रांत संगणक, फोन आणि नोकरीविषयक मदत मिळते, पण तेथील कर्मचारी दाव्यावर निर्णय देत नाहीत.

फोनची ही अवस्था नवी नाही. जानेवारी २०२१ मधील राज्य लेखापरीक्षकांच्या अहवालात, महामारीच्या लाटेत कॉल सेंटरने आलेल्या कॉलपैकी १ टक्क्याहूनही कमी कॉल घेतल्याची नोंद आहे. त्यानंतर परिस्थिती सुधारली, तरी मंदीची चाहूल लागली की रांगा पुन्हा वाढतात.

अनेक आठवडे उलटूनही काही घडले नाही, तर आपल्या भागातील राज्य विधिमंडळ सदस्याच्या, म्हणजे असेंब्ली सदस्याच्या किंवा राज्य सिनेटरच्या कार्यालयाला लिहावे. ईडीडी हा राज्याचा विभाग असल्याने वॉशिंग्टनमधील काँग्रेस सदस्याचा येथे फारसा उपयोग होत नाही, आणि ही गफलत नेहमी होते. विधिमंडळ कार्यालयातील कर्मचाऱ्यांना ईडीडीशी बोलण्याचा स्वतंत्र मार्ग असतो. ते एक संमतीपत्र भरून घेतात. सोबत तारखांसह एक पानाचा गोषवारा जोडला तर त्यांचे काम हलके होते. मदत मागण्यासाठी मतदार असण्याची गरज नाही, त्या मतदारसंघात राहणे पुरेसे आहे. आणखी एक सोय फारशी माहीत नसते: ज्यांना किमान एका आठवड्याचे पैसे मिळालेले आहेत आणि नंतर उपस्थित झालेल्या प्रश्नामुळे दोन आठवड्यांहून जास्त काळ दावा अडकला आहे, त्यांना काही बाबतींत सशर्त रक्कम दिली जाते. पुढे अपात्र ठरल्यास ती परत करावी लागू शकते, हे धरूनच ती खर्च करावी.

नकार आल्यास

नकाराच्या नोटिशीवर टपालाची तारीख असते आणि तेव्हापासून ३० दिवसांत अपील करता येते. नोटिशीसोबत डीई १०००एम हा अर्ज येतो; त्यावर ‘मी या निर्णयाशी असहमत आहे’ इतके लिहून आणि कारण थोडक्यात देऊन पाठवले तरी अपील दाखल होते, तपशील सुनावणीत मांडता येतो. सुनावणी ईडीडीपुढे होत नाही, तर कॅलिफोर्निया अनएम्प्लॉयमेंट इन्शुरन्स अपील्स बोर्डाच्या न्यायाधीशापुढे होते, आणि बरेचदा फोनवरच होते. सुनावणीपूर्वी आपल्या प्रकरणाची फाइल मागवून वाचावी, कारण मालकाने लेखी काय कळवले आहे ते तिथे पहिल्यांदा दिसते. मालक हजरच राहिला नाही, असेही घडते.

मालकाने अपील केले म्हणून आधीच मंजूर झालेला भत्ता थांबत नाही. हा नियम कॅलिफोर्नियाच्याच एका प्रकरणातून आला आहे: १९७१ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने जावा खटल्यात ठरवले की, प्राथमिक चौकशीत पात्र ठरलेल्या कामगाराचे पैसे केवळ मालकाच्या अपिलामुळे अडवून ठेवणे सोशल सिक्युरिटी कायद्यातील वेळेवर रक्कम देण्याच्या अटीशी विसंगत आहे.

अपील प्रलंबित असतानाही दर दोन आठवड्यांची उत्तरे देत राहावीत. नकार आल्यावर बहुतेक लोक ते बंद करतात. मग अपील जिंकले तरी ज्या आठवड्यांची उत्तरे दिलेलीच नाहीत, त्यांचे पैसे अडकतात आणि उशिराचे सबळ कारण दाखवत नवी झुंज सुरू होते. निकाल विरुद्ध गेला तर पुढील ३० दिवसांत बोर्डाकडे दुसरे अपील करता येते. निकाल बाजूने लागला तर मागील आठवड्यांची रक्कम डेबिट कार्डावर किंवा बँक खात्यात एकदम जमा होते. तिच्यावर कॅलिफोर्नियाचा आयकर नाही, पण संघराज्याचा आहे. तो १० टक्के दराने आधीच कापून घेण्याचा पर्याय निवडला नसेल, तर जानेवारीत येणाऱ्या १०९९-जी या कर-विवरणावर ती पूर्ण रक्कम दिसेल आणि एप्रिलपर्यंत त्यावरचा कर भरावा लागेल.